एक पेनी म्हणजे चार बटाटे



बटाट्याचा भाव पैशात सांगतात, हे आपणा सर्वांना ठाऊक आहे. पण जगाच्या पाठीवर असेही एक गाव आहे, की ज्याने पैशाचा भाव बटाट्यात सांगितला. १९४६ साली या गावासाठी टपाल तिकिटांचे नमुने तयार झाले. त्यांच्यावर पेनी आणि बटाटे अशा दोन्ही किमती छापल्या होत्या. एक पेनी म्हणजे चार बटाटे! लोकांच्या खिशात नाणी फारशी नव्हती, पण घराघरात बटाट्याची रास होती. सरकारने ते नमुने मंजूर केले नाहीत. पुढे १९५२ साली सेंट हेलेना बेटाच्या तिकिटांवर या गावाचे नाव छापून ती चालू केली. पण चार बटाट्यांची ती गोष्ट काही विसरली गेली नाही.

या गावाचे बेट म्हणजे ट्रिस्टन द कुन्हा. मी तिथे गेलेलो नाही, आणि आता जाणे होईलसे वाटतही नाही. पण बटाट्याच्या पिकाविषयी वाचता वाचता मी या गावाशी येऊन थांबलो तो थांबलोच. त्याच्यासंबंधी जे हाती लागेल ते वाचत आलो. आज तुम्हाला त्याची हकिगत सांगतो. हकिगत दूरची आहे, पण आपल्या बांधाला लागून असलेली वाटेल.

नकाशात आफ्रिका खंडाचे दक्षिण टोक शोधा. तिथे केप टाउन हे बंदर आहे. तिथून पश्चिमेला अथांग अटलांटिक महासागरात सुमारे २८०० किलोमीटर गेले, की हे बेट लागते. सर्वांत जवळची वस्ती म्हणजे सेंट हेलेना बेट. तेही दोन हजार किलोमीटरहून दूर. बेटावर विमानतळ नाही. केप टाउनहून वर्षातून मोजक्या फेऱ्या होतात, आठवडाभर बोटीत हेलकावे खावे लागतात, आणि बेट समोर दिसत असूनही समुद्र खवळलेला असला तर किनाऱ्याला लागता येत नाही. माणसांनी कायम वस्ती केलेल्या बेटांत याच्याइतके एकाकी बेट जगात दुसरे नाही, असे म्हणतात.

बेट म्हणजे एक ज्वालामुखी पर्वतच आहे. क्षेत्रफळ ९८ चौरस किलोमीटर, मधोमध २०६२ मीटर उंचीचे शिखर, आणि भोवती समुद्रात कोसळणारे सरळ कडे. सपाट जमीन म्हणाल तर वायव्येला कड्याच्या पायथ्याशी एक चिंचोळी पट्टी. तेवढ्यात गाव, तेवढ्यातच शेती आणि तेवढ्यातच गुरांचे रान. आज वस्ती सव्वादोनशेच्या आसपास आहे. आपल्याकडे एखाद्या लहान वाडीत असतील इतकी माणसे!

या बेटाला नाव दिले ते पोर्तुगीज दर्यावर्दी ट्रिस्टन द कुन्हा याने. १५०६ साली आफ्रिकेला वळसा घालून हिंदुस्थानाकडे येताना त्याला ते दिसले. त्याच्याबरोबर त्या मोहिमेत अल्बुकर्क होता. त्यानेच पुढे १५१० साली गोवा घेतला. आणि ट्रिस्टनचा मुलगा नुनो द कुन्हा पुढे गोव्याचा गव्हर्नर झाला. १५३४ साली गुजरातच्या बहादूरशहाकडून वसई मिळवली ती यानेच. म्हणजे वसईच्या किल्ल्याच्या इतिहासात जे आडनाव येते, तेच त्या दूरच्या बेटाच्या कपाळी लिहिलेले आहे.

पुढे तीनशे वर्षे तिथे कोणी कायमचे राहिले नाही. १८१५ साली नेपोलियनला सेंट हेलेनावर कैदेत ठेवले, तेव्हा इंग्रजांच्या मनात शंका आली, की या बेटाचा आडोसा घेऊन कोणी त्याला सोडवायचे. म्हणून १८१६ साली त्यांनी बेट ताब्यात घेऊन तिथे शिबंदी बसवली. दुसऱ्याच वर्षी ती उठवली. बोट निघाली तेव्हा विल्यम ग्लास नावाच्या एका स्कॉटिश कॉर्पोरलने मागे राहण्याची परवानगी मागितली. बरोबर बायको, दोन लेकरे आणि दोन गवंडी. एवढ्या माणसांवर हे गाव वसले.

आता मुद्द्याची गोष्ट ऐका. ७ नोव्हेंबर १८१७ रोजी या मंडळींनी आपसात एक करार लिहून काढला. गुरेढोरे आणि सामानसुमान यांत सर्वांचा सारखा वाटा. जे उत्पन्न येईल ते सारखे वाटून घ्यायचे. खर्चही सारखा सोसायचा. आणि सलोखा टिकावा म्हणून कोणीही कोणापेक्षा वरचढ समजायचे नाही. सर्व एका पायरीवर. बंधूंनो, हा करार कोणा पंडिताने लिहिलेला नाही. एक तोफखान्याचा शिपाई आणि दोन गवंडी, एवढेच त्याचे कर्ते. ते गवंडी पुढे बेट सोडून गेले, ग्लासला लोक म्होरक्या मानू लागले. पण करारातले सूत्र मात्र गावाच्या हाडीमाशी खिळले.

हळूहळू माणसे वाढली. फुटलेल्या जहाजांवरचे खलाशी आले, देवमासे मारणाऱ्या बोटींवरचे लोक आले. पण त्यांत बहुतेक सडेफटिंग. अखेर पाच जणांनी एका कप्तानाला गळ घातली, की सेंट हेलेनाहून आमच्यासाठी बायका बघून आण. १८२७ साली तो खरोखरच पाच जणींना घेऊन आला. न पाहिलेल्या नवऱ्यासाठी, न पाहिलेल्या बेटावर, परतीची वाट नसताना त्या बायका उतरल्या. इतिहासात कप्तानाचे नाव मोठ्या अक्षरात येते. माझ्या मते गाव खरे वसवले ते या पाच जणींनी. पुढे एक डच, काही अमेरिकन आणि १८९२ साली जहाज फुटून आलेले दोन इटालियन यांची भर पडली. ग्लास, स्वेन, ग्रीन, रॉजर्स, हॅगन, रेपेटो, लाव्हारेलो अशा सात आडनावांवर साऱ्या गावाची वंशावळ उभी राहिली. १८६७ साली इंग्लंडचा राजपुत्र, एडिंबराचा ड्यूक, बेटावर येऊन गेला, त्याच्यावरून गावाला 'सात समुद्रांचे एडिंबरा' असे भारदस्त नाव पडले. गावकरी मात्र त्याला नुसते 'वस्ती' म्हणतात.

सारेच गोड होते असे मात्र समजू नका. १८६९ साली सुएझचा कालवा उघडला, जहाजांची वाट बदलली आणि बटाटे-मांस देऊन पीठ, कापड, चहा घेण्याचा व्यवहार आटला. १८८२ साली एक जहाज किनाऱ्याला लागून फुटले; त्यावरचे उंदीर बेटावर उतरले. ज्या बेटावर उंदीर ठाऊक नव्हता, तिथे धान्य घेणे त्यांनी मुश्कील करून टाकले. आणि १८८५ साली, अशाच टंचाईच्या दिवसांत, लांबून जाणारे एक जहाज गाठून सौदा करावा म्हणून गावातले १५ कर्ते पुरुष एका होडीतून निघाले, ते परत आलेच नाहीत. एका दिवसात जवळजवळ साऱ्या घरांचे कुंकू पुसले गेले. तरीही उरलेल्या बायकांनी आणि म्हाताऱ्यांनी गाव सोडले नाही. बटाटे लावले, मेंढरे राखली, पोरे वाढवली.

चला, आता त्यांची शेती पाहू.

गावापासून तीन-चार किलोमीटरवर, कड्याच्या पायथ्याशी, दगडी गडग्यांनी वेढलेले लहान लहान तुकडे दिसतात. हीच त्यांची शेते. त्यांना ते 'पट्टे' म्हणतात. हे गडगे हद्दीसाठी नाहीत. त्या बेटावर वारा असा घोंघावतो, की उघड्यावरचे पीक झोडपून निघते. शिवाय गुरे आत शिरतात. म्हणून काळ्या ज्वालामुखी दगडांचे, छातीइतके उंच गडगे. आत एकच पीक, बटाटा. लावणी ऑगस्ट-सप्टेंबरात आणि काढणी जानेवारी-फेब्रुवारीत. आपल्याकडे रब्बीचा बटाटा निघतो त्याच सुमारास त्यांचाही निघतो, पण बेट दक्षिण गोलार्धात असल्याने तिथे तेव्हा भर उन्हाळा असतो. पिढ्यान् पिढ्या तेच पीक त्याच जमिनीत घ्यायचे, तर सूत्रकृमी, अळी, करपा यांचा त्रास व्हायचाच. फेरपालटीला जागा नाही. म्हणून मेंढ्यांचे लेंडीखत घालायचे, आणि पूर्वी तर शेजारच्या नाइटिंगेल बेटावर होड्या घालून समुद्रपक्ष्यांची विष्ठा खत म्हणून आणायचे. ट्रॅक्टर येण्याआधी हे सारे बैलगाडीने आणि गाढवांच्या पाठीवरून चाले.

पट्ट्यांजवळ घरोघरच्या लहान झोपड्या आहेत. नाताळच्या सुट्टीत गाव सोडून लोक तिथे राहायला जातात. सुट्टी घालवायला शेतावर जाणारे हे लोक पाहिले, की मला फार बरे वाटते. डिसेंबरात सारा गाव मेंढ्यांची लोकर कातरायला एका जागी जमतो. वर्षातून एक दिवस 'उंदीरमारी'चा असतो. टोळ्या करून गडग्यांतले उंदीर मारायचे, शेपट्या मोजायच्या आणि सर्वांत लांब शेपटीला बक्षीस द्यायचे! ३१ डिसेंबरच्या रात्री पुरुष मुखवटे लावून, चिंध्या पांघरून पोरीबाळींना भेडसावत घरोघर हिंडतात. आपल्याकडच्या शिमग्यातल्या सोंगांची आठवण यावी. घरच्या लोकरीचे मोजे विणून मुली आपल्या मनातल्या मुलाला देत, आणि मोज्याच्या रंगीत पट्ट्या जितक्या जास्त तितके प्रेम जास्त असे समजत. सांगायला लाजणाऱ्या माणसांची ही भाषा फार सुंदर आहे.

आणखी एक गोष्ट माताभगिनींनी लक्षात ठेवण्याजोगी. १९३७-३८ साली नॉर्वेच्या शास्त्रज्ञांनी बेटावर राहून पाहणी केली. बटाटे, मासे, दूध, अंडी यांवर वाढलेल्या या लोकांचे दात विलक्षण निरोगी आढळले. पुढे दुकानातली साखर आणि मैदा घरात आला, तसे दात किडू लागले.

आता ज्या गोष्टीसाठी मी ही लेखणी हाती घेतली, ती सांगतो. बेटावरची जमीन कोणा एकाच्या मालकीची नाही, ती साऱ्या गावाची सामायिक आहे. पट्ट्याची वहिवाट घरोघरी चालते, पण जमीन विकता येत नाही, आणि बाहेरच्याला घेता येत नाही. चराऊ रान तर सर्वांचेच. आणि म्हणूनच कोणी किती गाई आणि किती मेंढ्या पाळायच्या, याला मर्यादा घातलेली आहे. ऐपत आहे म्हणून कोणी शंभर मेंढ्या सोडू शकत नाही. यात दोन हेतू आहेत. एक, रान उजाड होऊ नये. दुसरा, ज्याच्याकडे जास्त आहे त्याने सर्वांच्या गवतावर आणखी श्रीमंत होऊ नये.

तुम्ही म्हणाल, यात विशेष ते काय? विशेष हेच, की हे आकड्यात आहे. 'गायरान सर्वांचे आहे, जपून वापरा' असे फलक मी माझ्या नोकरीत पुष्कळ पाहिले. गावसभेत सगळे माना डोलावतात. पण प्रत्येकाने किती जनावरे सोडायची, असे विचारले की सभा उठते. सर्वांचे म्हणजे कोणाचेच नाही, असा अर्थ आपण करून ठेवला आहे. कुणाची दोन शेळ्या, कुणाची चाळीस. कुणी कडेने नांगर घालतो. मग गवत संपते आणि भांडण उरते. भांडणात बळी जातो तो दोन शेळ्यांवाला, कारण चाळीसवाल्याला दुसरीकडे चारा विकत घेता येतो. 'सगळे सारखे' ही भावना चांगलीच, पण ती मोजायला बसल्याशिवाय टिकत नाही. त्या बेटावरच्या लोकांनी १८१७ साली जे कागदावर लिहिले, ते मेंढ्यांच्या आकड्यात उतरवले, म्हणून ते राहिले.

या सामायिकपणाची कसोटी पुढे लागली. १९६१ च्या ऑगस्टमध्ये बेटाला धक्के बसू लागले. कड्यावरून दरडी कोसळल्या. ऑक्टोबरात गावाच्या अगदी पाठीशी जमीन फाटली आणि वर फुगू लागली. लोकांनी घरे सोडली आणि एक रात्र बटाट्याच्या पट्ट्यांवरच काढली. दुसऱ्या दिवशी मासेमारीच्या बोटींनी त्यांना नाइटिंगेल बेटावर नेले, तिथून एका डच जहाजाने केप टाउनला, आणि मग इंग्लंडला. सारे गाव, २६४ माणसे, एकही मागे नाही. ज्वालामुखीच्या रसाने मासळीचा कारखाना आणि होड्या लावायचा किनारा गिळला. घरे बहुतेक वाचली. मागे राहिलेल्या कुत्र्यांनी मेंढरांचा फडशा पाडला.

इंग्लंडात त्यांना घरे मिळाली, नोकऱ्या मिळाल्या. वीज, दूरचित्रवाणी, दवाखाना, दुकाने सारे होते. सरकारला आणि वर्तमानपत्रांनाही वाटले, की आता हे कशाला परत जातात! पण सर्दीतापाने माणसे हैराण झाली, काही म्हातारी माणसे त्या हिवाळ्यात दगावली. रस्त्यात शेजारी शेजाऱ्याला ओळखत नाही, दाराला कुलूप लावावे लागते, याचे त्यांना नवल वाटे. १९६२ साली १२ जणांची तुकडी बेटाची पाहणी करून आली. त्याच वर्षी डिसेंबरात गुप्त मतदान झाले. परत जाण्याच्या बाजूने १४८ मते, विरुद्ध ५. आणि १९६३ साली गाव परत आपल्या जागी आले.

खरे सांगायचे तर सर्वच टिकले नाहीत. १९६६ साली काही कुटुंबे पुन्हा इंग्लंडला गेली. त्यांनाही दोष देण्यात अर्थ नाही, ज्याचा त्याचा संसार असतो. पण बहुसंख्य राहिले. आपण म्हणतो, पोरे शहराकडे पळतात कारण गावात सोयी नाहीत. खरे आहे. पण या लोकांनी सोयी पाहिल्या, वापरल्या आणि तरीही ते माघारी आले. का? मला वाटते, इंग्लंडात त्यांना नोकरी होती पण वाटा नव्हता. बेटावर प्रत्येकाचा वाटा होता. जमिनीत, रानात, होडीत आणि शब्दात.

आज बेटाचे मुख्य उत्पन्न शेवंडीचे. हवा बरी असली की पहाटे एक जुने लोखंडी नळकांडे बडवतात. ती घाट ऐकली, की कचेरीतले लोकसुद्धा होड्यांकडे धावतात. किती शेवंड पकडायची, तेही ठरलेले. निवडून दिलेले मंडळ कारभार पाहते. मार्च २०११ मध्ये 'ऑलिव्हा' नावाचे जहाज नाइटिंगेलवर आपटले. त्यात ६५ हजार टन सोयाबीन होते. २२ खलाशांना वाचवले, तेलाने माखलेली हजारो पेंग्विन पाखरे गावकऱ्यांनी उचलून आणून धुतली. त्यांतली पुष्कळ दगावली. सोयाबीन समुद्राच्या तळाशी कुजले आणि तिथली शेवंड धरणे बंद ठेवावे लागले. लांबच्या शेतातला माल दुसऱ्याच्या पोटावर असा येतो.

याच नाइटिंगेलवर अलीकडे खवले किडीने तिथल्या रानझाडांना ग्रासले. किडीच्या चिकट स्रावावर काजळी चढली आणि झाडे वाळू लागली. संत्रावाल्यांना हे दुखणे सांगायला नको. एक दुर्मीळ पाखरू याच झाडांच्या फळांवर जगते. फवारणी शक्य नव्हती. म्हणून २०२१ पासून या किडीवर जगणारी बारीक गांधीलमाशी, म्हणजे मित्रकीटक, तिथे सोडली गेली. आणि गंमत पाहा, २०१६ साली या बेटाने दोन वर्षांसाठी कृषी सल्लागार पाहिजे अशी जाहिरात दिली होती! ती पाहून माझ्या सौभाग्यवतींनी विचारले, 'अर्ज करता का?' मी म्हटले, 'तिथे सांगण्यापेक्षा शिकण्यासारखेच जास्त आहे.'

तरुण मुले शिकायला बाहेर जातात, पाळणा क्वचित हलतो, वस्ती थोडी थोडी घटते आहे. पुढच्या पन्नास वर्षांत काय होईल, ते तिथले लोकच जाणोत.

पण वाचकहो, या आठवड्यात गावच्या पारावर बसाल तेव्हा एवढे करा. गायरानाची, पाझर तलावाची किंवा सामायिक विहिरीची गोष्ट निघाली, तर 'सर्वांचे आहे' एवढ्यावर उठू नका. कोणी किती जनावरे सोडायची, किती तास मोटार चालवायची, हा आकडा ठरवूनच उठा. आणि तो आकडा आधी मोठ्या घराला लावा. दोन शेळ्यांची म्हातारी आपोआप ऐकेल.